दगडावर पिळलेलं लिंबू

ती दरी नेमकी कुठं आहे, हे मी सांगणार नाही. मोखाडा तालुक्यात आहे आणि खोडाळ्याहून चालत जाता येते, इतकं पुरे. असल्या लेखाच्या शेवटी ‘कसे जाल, कुठे राहाल’ अशी एक चौकट द्यायची असते. मी स्वतः अशा कितीतरी चौकटी मोठ्या हौसेनं दिल्या आहेत. या वेळी नाही. ज्यांना गुहा बघायच्याच आहेत त्यांनी तिकीट काढून बघायच्या गुहांत जावं. तिथं दिवे असतात, कठडे असतात, आणि आपण काही बिघडवलंच तर ते कोणा एका माणसाच्या माथी येत नाही.

मी निवृत्त भूगोल शिक्षक. नोकरीची पहिली सहा वर्षं जव्हारच्या एका शाळेत काढली, मग बदली होऊन साताऱ्याला गेलो आणि तिकडचाच झालो. निवृत्त झालो तरी डोकं काही वर्गाबाहेर पडलं नाही. घाटात गाडी थांबली की मी शेजारच्या प्रवाशाला खडकाचा प्रकार सांगतो. बायको म्हणते, तुम्ही स्मशानात गेलात तरी मातीचा प्रकार विचाराल.

मागच्या हिवाळ्यात एका ओळखीच्या गिर्यारोहकानं मला फोनवर एक व्हिडिओ पाठवला. अंधाऱ्या घळीत छताला पांढुरके, गाजराएवढे दगड लोंबत होते आणि प्रत्येकाच्या टोकाला पाण्याचा थेंब. खाली त्यानं विचारलं होतं, ‘ओळखा, कुठे?’ मी ‘मेघालय’ असं लिहून मोकळा झालो. उत्तर आलं, ‘मोखाडा. चुकलात सर.’

चुकलो होतो, पण त्या दिवशी नव्हे. पंचवीसेक वर्षांपूर्वी जव्हारला नववीच्या पेपरात ‘चुनखडीच्या प्रदेशातील भूरूपे’ असा प्रश्न होता. नवशी नावाच्या मुलीनं पुस्तकातलं काहीच न लिहिता असं लिहिलं होतं, की आमच्या पाड्याखालच्या दरीत अशी गुहा आहे, तिथं दगड गळतो आणि गळता गळता वाढतो. मी त्यावर लाल रेघ मारली, ‘मनचे लिहू नये’ असा शेरा दिला आणि एवढ्यावर न थांबता तो पेपर वर्गात मोठ्यानं वाचून दाखवला. सह्याद्री म्हणजे बेसॉल्ट, बेसॉल्टमध्ये कसली आलीय चुनखडी, असं म्हणून मी हसलो. शिक्षक हसला की वर्गाला हसावंच लागतं. पुढच्या वर्षी नवशी शाळेत दिसली नाही.

व्हिडिओ पाठवणारा ज्या घरी जेवला होता ते घर निघालं नवशीचं. मी फोन केला. ‘भूगोलाचे गुरुजी का?’ तिनं लगेच ओळखलं. ‘या ना. पन पंधरा दिसाच्या आत या, मंग माजे घरात लगीन आहे.’

जव्हार

आधी जव्हारला उतरलो. शाळा बघावी, दोन जुने लोक भेटावेत, असा बेत होता. शाळेला नवा रंग लागला होता आणि मला ओळखणारं तिथं कोणीही उरलं नव्हतं. शिपायानं पाणी दिलं आणि मी कोणत्या कंपनीतर्फे आलो ते विचारलं. शाळांना काहीबाही वाटायला येणारे शहरी लोक त्यानं इतके बघितले होते, की पांढऱ्या केसांचा, टोपीवाला माणूस दिसला की तो हातातल्या खोक्याकडेच बघतो. माझ्या हातात खोकं नव्हतं, तेव्हा त्याचा रस संपला.

बाजार मात्र तसाच होता. एसटी डेपोच्या बाहेर बायका कडूकंद घेऊन बसल्या होत्या. हा रानातला कंद कच्चा खाल्ला तर घसा धरतो. तो चिरून, राख लावून, उकळून वाहत्या पाण्यात धुवावा लागतो, तेव्हा कुठं तो माणसाच्या पोटात जायच्या लायकीचा होतो. मी सहा वर्षं इथं राहिलो आणि एकदाही खाल्ला नव्हता, कारण आम्ही शिक्षक मंडळी डब्यात पोळी-भाजी न्यायचो आणि मुलांना सकस आहाराचा तक्ता शिकवायचो. आता द्रोणभर घेऊन बसस्टँडवर उभ्यानं खाल्ला. बटाट्याहून मऊ, शेवटी जरासा कडवट. विकणारी म्हातारी माझ्या तोंडाकडं बघत होती. ‘ग्वाड लागते का?’ तिनं विचारलं. मी हो म्हणालो. ती शेजारणीला म्हणाली, ‘खोटा बोलते.’ दोघी हसल्या.

गावाबाहेर नव्या लॉजच्या पाट्या लागल्या आहेत. पावसाळ्यात मुंबईकडची मंडळी धबधब्याखाली भिजायला येतात आणि जाताना वारली चित्राचा एखादा टॉवेल घेऊन जातात. त्यांची टवाळी करायला मला त्या संध्याकाळी फार आवडलं. मी काही त्यांच्यासारखा नाही, मी अभ्यासाला आलोय, असं मी लॉजच्या मालकाला दोनदा सांगितलं.

खोडाळा

नवशी मला खोडाळ्याच्या बाजारात न्यायला आली. मी तिला चौदा वर्षांची बघितलेली. समोर आली ती चाळिशीची, सडपातळ, गुडघ्यापर्यंत लुगडं नेसलेली बाई. पाटीत लग्नाची खरेदी, हळद, सुपाऱ्या, तांबड्या बांगड्या. माझ्याशी ती शाळेतली मराठी बोलायचा प्रयत्न करत होती, पण दोन वाक्यांत ती सुटायची आणि आपली वारली बोली वर यायची, ‘मला’चं ‘माना’ व्हायचं. त्याची तिला लाज नव्हती आणि मला आता तिला सुधारायचं धाडस नव्हतं.

बाजारातच जरा टेकलो तेव्हा मी पेपरचा विषय काढला. रस्ताभर मनात घोळवलेली माफी एका दमात मागून टाकली. माझ्यामुळं तू शाळा सोडलीस, वगैरे. नवशी बांगड्यांची पुडी बांधत ऐकत होती.

‘तुमचेमुळं?’ ती म्हणाली. ‘नाय गुरुजी. त्या वर्साला बापाचा पाय मोडला. मंग आमी समदी भिवंडीला वीटभट्टीवर गेलू. पेपर तं माना आठवत पन नाय.’

पंचवीस वर्षं ज्या पापाचं ओझं मिरवलं ते तिच्या हिशेबी नव्हतंच. खरं सांगायचं तर मला जरा वाईट वाटलं. आपण कोणाचं तरी आयुष्य बिघडवलं यातही एक मोठेपणा असतो, तो तिनं बांगड्यांच्या पुडीबरोबर बांधून बाजूला ठेवला.

बाजारातून निघताना मी अर्धा डझन लिंबं घेतली. ‘लिंबा कशाला?’ नवशीनं विचारलं.

‘सरबताला,’ मी म्हणालो.

ही थाप होती. चुनखडी ओळखायची साधी खूण म्हणजे तिच्यावर आम्ल टाकलं की फेस येतो. प्रयोगशाळेतलं आम्ल माझ्याकडं नव्हतं, पण दगड जरा खरवडून भुकटी केली तर लिंबाच्या रसानंही बुडबुडे येतात. मी हे आयुष्यभर वर्गात करून दाखवत आलो. नवशीलाही तसंच अचानक करून दाखवायचं, ‘बघ, तुझं बरोबर होतं’ असं म्हणायचं, आणि तिचा चेहरा बघायचा, असा माझा बेत होता. शिक्षकाला चमत्कार करायची फार हौस असते.

पाडा

पाड्यात बारा घरं. नवशीचं माहेर आणि सासर दोन्ही इथलंच. कुडाच्या भिंती, पुढं सारवलेलं अंगण, भात झोडून झालेल्या खाचरांत गुरं मोकळी. माघ संपत आला होता, तरी पाड्यावर इतर वर्षांपेक्षा जास्त माणसं होती, कारण लग्नासाठी कामावरून पंधरा दिवस आधीच लोक परतले होते. लग्न होतं सुमनचं. सुमन ही नवशीच्या दिराची, लक्ष्मणची, मुलगी. दोन्ही भावांची घरं एकाच अंगणाला लागून, आणि लग्न घरचंच, म्हणून नवशी ‘माजे घरात’ म्हणाली होती.

जेवायला नागलीची भाकरी, कुळथाची आमटी आणि खुरासणीची चटणी. आमच्या साताऱ्याकडं पाहुण्याला आग्रह करकरून वाढतात आणि त्यानं नको म्हटलं की रुसतात. इथं आग्रह नाही. वाढलेलं संपलं की पुन्हा येतं, आणि ताटावर हात धरला की कोणी तोंड वाकडं करत नाही. मला ते आवडलं.

जेवताना मला कळलं, की सुमनच्या लग्नात नवशी नुसती काकू नव्हे. वारल्यांत लग्न लावते ती धवलेरी, म्हणजे लग्न लावणारी बाई. आपल्याकडं भटजी जे करतो ते इथं बाई करते, तेही गाऊन. डोंगरातले, पाण्यातले, शेतातली धान्याची देवी कनसरी, असे सगळे देव एकेक करून नावानं लग्नाला बोलवायचे. ते गाणं तोंडपाठ असावं लागतं आणि कुठं लिहिलेलं नसतं. नवशीची सासू या भागाची धवलेरी होती. बारा वर्षं नवशी तिच्या मागं बसून दुसरा आवाज देत आली. गेल्या पावसाळ्यात सासू गेली. सुमनचं लग्न हे नवशीनं एकटीनं लावायचं पहिलं लग्न.

‘ह्या बरा झाला का समद्या पाड्यांवर मानाच बोलावतील,’ ती म्हणाली. ‘नाय झाला तं नाय.’ मग तिनं हळूच सांगितलं, की ती रोज कामाला जाताना मनात गाणं म्हणून बघते आणि एकाच जागी अडखळते. कोणत्या जागी ते तिनं मला सांगितलं नाही. तिचा नवरा काशिनाथ, कमी बोलणारा माणूस, भाकरीचा तुकडा मोडत म्हणाला, ‘नींदमध्ये पन गाते. आमाला सोवूच देत नाय.’ नवशी लाजली. तिच्या तोंडावर त्या वेळी जे होतं ते मी नववीच्या वर्गात कोणाच्याच तोंडावर कधी बघितलं नव्हतं.

दरी

सकाळी निघालो. पठार सपाट, वाळल्या गवताचं, आणि मग एकाएकी पायाखालची जमीन संपते. पाण्यानं काळ्या खडकात दोनशे हात खोल चीर पाडली आहे. वरून तळ दिसत नाही, नुसता गारवा वर येतो. उतरायच्या वाटेवर वनखात्याची पाटी आहे. हे क्षेत्र संरक्षित आहे, येथील दगड व रचनांस हात लावू नये, कोरू नये, नमुने नेऊ नयेत. मी ती पाटी नवशीला मोठ्यानं वाचून दाखवली आणि म्हणालो, ‘बरं केलं. हल्ली लोकांना काही भान नसतं.’ हे वाक्य मी म्हणालो होतो, हे इथं लिहून ठेवणं मला भाग आहे.

उतरताना मी एकदा घसरलो आणि टोपी खाली गेली. ती अजून तिथंच असेल. तळाशी उंबर, बांडगुळांनी लगडलेली आंब्याची झाडं, आणि भिंतीत वाकून जावं लागेल अशी एक घळ. तिच्या तोंडाशी नवशी थांबली. चपला काढल्या, मलाही काढायला लावल्या. मग डोक्यावर पदर घेऊन तिनं आतल्या अंधाराशी बोलायला सुरुवात केली. शेजारच्या घरात हाक मारावी अशा साध्या आवाजात. मी नवशी, अमक्याची सून. हे माजे गुरुजी. लांबून आलेत. तुला बगाया आलेत, बगून जातील.

‘सांगून जायाचा,’ तिनं मला समजावलं. ‘कोन आला, कशाला आला, ता पान्याला सांगायचा. लग्नाचा पानी इथनंच नेते धवलेरी. तवा पन सांगायचा.’

आत गेलो. व्हिडिओत दिसलं होतं त्याहून लहान, त्याहून सुंदर. काळ्या छताला दुधी रंगाचे दगड लोंबत होते, काही बोटाएवढे, काही मनगटाएवढे. टोकाटोकाला थेंब. खाली एक डबकं, त्यात ते थेंब वेळ घेऊन पडत होते. खरी चुनखडीची गुहा ही नव्हेच. वरच्या बेसॉल्टच्या भेगांतून झिरपताना पाणी थोडाथोडा चुना घेऊन येतं आणि इथं ठेवून जातं. म्हणजे पुस्तक बरोबर होतं, नवशीही बरोबर होती, आणि मी एकटा चूक होतो. मला भरून आलं. नवशी डबक्याजवळ उकिडवी बसून हातानं वाळका पाचोळा काढत होती.

इतकं बघून मी बाहेर यायला हवं होतं. बघायलाच आलो होतो.

मी खिशातून चाकू काढला आणि हाताला येईल असा एक दगड खरवडू लागलो. तो माझ्या समजुतीपेक्षा नाजूक निघाला. बोटभर टोक कट् करून तुटलं आणि माझ्या हातात आलं. नवशीची पाठ माझ्याकडं होती. मी ते टोक रुमालात गुंडाळून खिशात टाकलं. का, याचं उत्तर मी तेव्हापासून शोधतोय. चोरी करायची म्हणून नव्हे, पकडला जाऊ नये म्हणून. मग त्या तुटलेल्या जागी मी लिंबू कापून पिळलं आणि हाक मारली, ‘नवशी, बघ! बघ, फेस!’

ती वळली. बारीक पांढरे बुडबुडे येत होते. मी मास्तरी आवाजात म्हणालो, ‘चुना आहे. तुझं बरोबर होतं.’

तिनं फेसाकडं बघितलंच नाही. ती माझ्या हातातल्या चाकूकडं आणि लिंबाकडं बघत होती. ‘गुरुजी,’ ती म्हणाली, ‘ह्या काय केलात?’

कापलेलं लिंबू म्हणजे काय, हे मला ठाऊक नव्हतं असं म्हणायची सोय नाही. सहा वर्षं मी त्या भागात राहिलो होतो. लिंबू कापतो तो भगत, म्हणजे पाड्याचा जाणता, देवाचं बघणारा माणूस. तोही कारण असेल तेव्हाच. ठाऊक होतं, पण आठवलं नाही, कारण मी प्रयोगात होतो. मी एक फोड उचलली. दुसरी घरंगळून कुठं गेली ती सापडेना. नवशी चाचपत राहिली. मी म्हणालो, ‘राहू दे गं, कुजून जाईल.’

पठारावर आल्यावर ती एवढंच म्हणाली, ‘कोनाला सांगू नका.’

रावजी भगताचं अंगण

दुसऱ्या दिवशी सकाळी पाण्याला गेलेल्या बायकांना ती फोड सापडली. त्याच सकाळी सुमनला उलट्या सुरू झाल्या. आदल्या दिवशी तिनं खोडाळ्याहून आणलेला बर्फाचा गोळा खाल्ला होता आणि दुपारपर्यंत ती बरीही झाली. पण दुपार व्हायला अजून वेळ होता. आठ दिवसांवर लग्न, नवरी आजारी, आणि लग्नाच्या पाण्याजवळ कापलेलं लिंबू. पाड्यावरची सगळी मोठी माणसं रावजी भगताच्या अंगणात जमली.

नवशीनं सगळं खरं सांगितलं. जेवढं तिला ठाऊक होतं तेवढं. मला वाटलं, आता आपण बोलायला हवं, नाहीतर तिच्यावर शेकेल. मी उभा राहिलो. हे करणी वगैरे काही नाही, हे साधं शास्त्र आहे, कुठल्याही लिंबानं होतं, असं सांगितलं. त्यांचे चेहरे हलले नाहीत. मग मी आयुष्यभर जे करत आलो तेच केलं. म्हणालो, ‘थांबा, दाखवतो.’ खिशातून रुमाल काढला, दगडाचं टोक अंगणातल्या पाट्यावर ठेवलं, चाकूनं खरवडलं आणि लिंबू पिळलं. फेस आला. ‘बघा,’ मी म्हणालो. ‘यात काय आहे?’

एक म्हातारी उठून घरात गेली. तेव्हा मला उमगलं, की मी काय समोर ठेवलं आहे. नवशी त्या तुकड्याकडं बघत होती. तो तिलाही नवा होता.

रावजी भगत सत्तरीचा, अंगात कोणीतरी दिलेलं विंडचीटर, तरुणपणी ठाण्यात बिल्डिंगांवर काम केलेला. तो शांतपणे म्हणाला, ‘गुरुजी, चुन्यावर लिंबू टाकला का फेस येते, माना ठावा आहे. आमी पान खातो. माजे नातवाचे पुस्तकात पन आहे. लिंबाचा काय नाय.’

मला हायसं वाटलं. ‘मग?’

‘तुमी बगाया आलात, असा पान्याला सांगितला. आनि तोडून आनलात.’

‘मी तोडलं. तिला माहीतही नव्हतं.’

‘तुमी कोन, ता पानी वळखत नाय,’ तो म्हणाला. ‘सांगितला हिनं.’

लक्ष्मण, नवरीचा बाप, इतका वेळ खाली बघत होता. तो नवशीला म्हणाला, ‘वयनी, तू काय बोललीस आत?’

‘बगाया आलेत, बगून जातील.’

‘मंग खोटा झाला.’

‘झाला,’ नवशी म्हणाली.

मी बरंच काही बोललो. खोटं मी केलं, शिक्षा मला करा, दंड घ्या, मी परत जाऊन पाण्याची माफी मागतो. त्यांनी सगळं ऐकून घेतलं, एकानंही आवाज चढवला नाही. शिवी दिली असती तर बरं झालं असतं. त्यांचं म्हणणं सरळ होतं. धवलेरी देवांना हाक मारते आणि देव तिच्या शब्दावर येतात. लग्न आठ दिवसांवर असताना जिचा शब्द पाण्याजवळ खोटा पडला, तिच्या हाकेवर या लग्नाला कोण येईल? यात राग नव्हता. लक्ष्मणच्या डोळ्यांत पाणी होतं. जामसरकडच्या एका पाड्यावर दुसरी धवलेरी होती, तिला बोलवायचं ठरलं. नवशीनं मान हलवली. आमच्याकडं अशा वेळी माणसं भांडतात, कोर्टात जातात, सात पिढ्या बोलत नाहीत. ती उठली, घरून आणलेला आपला तांब्या रावजीच्या सुनेकडून मागून घेतला आणि गेली.

तुकडा रावजीनं पानात गुंडाळून ठेवून घेतला. दगडाला टोक परत लागेल का, असं मी मूर्खासारखं विचारलं. ‘ता लागते ना,’ तो म्हणाला. ‘तुमचे माजे नातवाचे नातवाचे टायमाला.’

परत

काशिनाथ मला खोडाळ्यापर्यंत सोडायला आला. गाडी आली तेव्हा त्यानं माझी पिशवी वर दिली आणि म्हणाला, ‘चलता है, गुरुजी.’ काही चलता नव्हतं, ते त्यालाही कळत होतं आणि मलाही. पण त्याला मला रिकाम्या हातानं परत पाठवायचं नव्हतं, म्हणून त्यानं तेवढं दिलं.

घरी येऊन मी पाच-सहा दिवस काहीच केलं नाही. बायकोनं फोटो मागितले. मी काढलेच नाहीत असं सांगितलं. गिर्यारोहक मित्र विचारत राहिला, सर, काय निष्कर्ष? मी लिहिलं, चुना आहे. त्यानं अंगठा पाठवला.

लग्नाच्या दिवशी दुपारी राहवेना. मी नवशीला फोन केला. ती घरात होती. मागून ढोल ऐकू येत होता आणि त्याच्यावर एका बाईचा जाड, सावकाश आवाज. एकाच अंगणापलीकडं मांडव होता.

‘सुमन बरी आहे ना?’

‘बरी आहे. चांगली दिसते. मी भिताडाच्या फटीतनं बगितली.’

‘तू मांडवात गेली नाहीस?’

‘जाऊन काय करू? ती बाई बिचकेल.’ मग ती गाणं ऐकू लागली. ‘बरा गाते,’ ती म्हणाली. ‘समदे डोंगरांचा नाव घेतला. कनसरीचा घेतला. वाघाचा घेतला.’

‘मग झालं तर.’

‘आमचे पान्याचा नाय घेतला, गुरुजी.’

‘विसरली?’

‘इसरली नाय. तिला नाव ठावाच नाय. ती लांबची. आमचे पान्याचा नाव माजे सासूनं माना दिला, मरताना. तिनं दुसरे कोनाला दिला नव्हता.’

मी म्हणालो, ‘अगं मग जा, सांग तिला! आत्ता सांग. एक नावच तर आहे.’

‘माजे तोंडचा कोन घेईल?’ ती म्हणाली. तिच्या आवाजात तक्रार नव्हती. मी काही विचारलं आणि तिनं उत्तर दिलं, इतकंच.

मी फोन कानाला लावून बसलो. पलीकडं तो जाड आवाज वर चढला, मग ढोल जोरात वाजला आणि माणसांचा एकदम गलका झाला. तांदूळ टाकले असावेत.

‘लागला,’ नवशी म्हणाली, आणि फोन ठेवला.